वाड्यावर हसणाऱ्यांनो, मारुती कांबळेचं काय झालं?



जयंतीच्या तयारीची बैठक होती. दिघ्याच्या बाजूला एका विहारात आम्ही पंधरावीस जण बसलो होतो. मिरवणुकीचा मार्ग, भोजनदान, डीजेचा खर्च यावर नेहमीची वादावादी चालली होती. तेवढ्यात ग्रुपवर कुणीतरी एक स्टिकर टाकलं. निळू फुल्यांचा चेहरा, तिरकी नजर आणि खाली तेच वाक्य : "बाई, वाड्यावर या." सगळे हसले. आम्हीही हसलो, हे आधीच कबूल करतो.

कोपऱ्यात विहाराच्या एक आजी बसल्या होत्या. बहात्तरच्या दुष्काळात गाव सोडून इकडे आलेल्या, खाणीत दगड फोडून पोरं मोठी केलेल्या. त्यांनी विचारलं, "काय रं, कशाला हसताय?" एका पोरानं मोबाईल पुढे केला आणि वाचून दाखवलं. आजी हसल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या, "आमच्या गावात असं बोलावणं आलं की घरात चूल पेटत नव्हती." आणि त्या पाण्याचा तांब्या घेऊन बाहेर गेल्या.

त्या दिवसापासून हा लेख डोक्यात आहे. प्रश्न एका स्टिकरचा नाही. चाळीस वर्षं पडद्यावर आणि रंगमंचावर काम केलेल्या एका मोठ्या नटाचं आपण काय शिल्लक ठेवलं, आणि ते शिल्लक ठेवताना कुणाच्या बाजूला जाऊन बसलो, हा प्रश्न आहे.

आधी माणूस समजून घेऊ. निळकंठ कृष्णाजी फुले, पुण्याचे. तरुणपणी ते पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करत. पगार महिना ८० रुपये. त्यातले १० रुपये ते दर महिन्याला राष्ट्र सेवा दलाला देत. स्वतःची रोपवाटिका काढायचं त्यांचं स्वप्न होतं, पण भांडवल नसल्यामुळे ते राहून गेलं. तरी ते १० रुपये जात राहिले.

इथं थोडा हिशोब करू. १९५६ साली धम्मदीक्षेनंतर नागपूरच्या भाषणात बाबासाहेबांनी उत्पन्नाचा विसावा हिस्सा धम्मकार्याला द्यायला सांगितलं. ८० रुपयांचा विसावा हिस्सा होतो ४ रुपये. हा माळी आठवा हिस्सा देत होता. आपल्यापैकी कितीजण विसावा देतात, ते ज्याचं त्यानं मनात मोजावं.

सेवा दलाच्या कलापथकातून निळूभाऊ घडले. तिथंच राम नगरकर होते, दादा कोंडके होते. कलापथकाचं काम म्हणजे विचार गाण्यातून, वगातून, विनोदातून लोकांपर्यंत नेणं. आंबेडकरी जलशांनी हे काम त्याच्या कितीतरी आधी सुरू केलं होतं. भीमराव कर्डकांचा एक जलसा आपल्या दहा भाषणांच्या तोलाचा आहे असं बाबासाहेब म्हणाल्याचं चळवळीत सांगितलं जातं, ते उगाच नाही. पु. ल. देशपांड्यांच्या 'पुढारी पाहिजे'मध्ये निळूभाऊ दिसले आणि शंकर पाटलांच्या 'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्यानं त्यांचं नाव महाराष्ट्रभर पोचवलं.

एक गोष्ट मात्र स्पष्ट सांगायला हवी. मध्यमवर्गानं ज्याला 'लोकनाट्य' म्हणून टाळ्या दिल्या, त्याचा पाया तमाशा आहे. तो तमाशा महार, मांग, कोल्हाटी कलावंतांनी उपाशीपोटी जिवंत ठेवला. पवळा, विठाबाई नारायणगावकर, काळू-बाळू, दादू इंदुरीकर ही माणसं नसती तर बतावणी नसती, सवालजवाब नसता आणि निळू फुल्यांचं ते अचूक टायमिंगही नसतं. हे कर्ज मराठी सिनेमानं कधी मोकळेपणानं मान्य केलं नाही. आपण मात्र विसरू नये.

१९६८ साली अनंत मान्यांच्या 'एक गाव बारा भानगडी'मधून ते सिनेमात आले. त्यानंतर चार दशकं थांबणं नाही. 'सोंगाड्या', 'पिंजरा', 'सामना', 'जैत रे जैत', 'सिंहासन'. हिंदीत 'कुली', 'मशाल', 'सारांश'. १९९१ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार. १३ जुलै २००९ रोजी पुण्यात त्यांचं निधन झालं. या चाळीस वर्षांत पोस्टरवर मधोमध चेहरा बहुतेक वेळा दुसऱ्याचाच असायचा. निळूभाऊ कडेला. खलनायक, सरपंच, पाटील, साखरसम्राट, पुढारी, दलाल. सिनेमाच्या भाषेत 'सहाय्यक भूमिका'. पण थिएटरातून बाहेर पडताना नायकाचं नाव विसरलेला प्रेक्षक निळू फुल्यांचा पाटील विसरत नसे.

का विसरत नसे? कारण तो पाटील ओरडत नव्हता. त्या काळचे बरेच खलनायक डोळे मोठे करून गरजत. निळूभाऊंचा पाटील हळू बोलायचा. ओठ जरासा वाकडा, नजर खालून वर, आवाज घशातल्या घशात, जवळजवळ मायेचा. ज्याच्या हातात जमीन आहे, पाणी आहे, सोसायटीचं कर्ज आहे, पोलीस पाटील आहे आणि कारखान्याची ऊसतोडणी आहे, त्याला आवाज चढवायची गरजच काय? सत्ता अशीच बोलते, हे गावात राहिलेल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. निळूभाऊंनी ते पडद्यावर नेमकं उतरवलं. बायका त्यांना पाहून बोटं मोडत, शिव्या घालत, हे त्या काळच्या प्रेक्षकांकडून आजही ऐकायला मिळतं. त्या शिव्या हाच त्यांना मिळालेला खरा पुरस्कार होता. त्या शिव्या निळू फुल्यांना नव्हत्या, गावातल्या पाटलाला होत्या. गावात ज्याला तोंडावर शिवी देता येत नव्हती, त्याला अंधारात, तंबूच्या थिएटरात, चार बायकांच्या सोबतीनं देता येत होती.

आता आपल्या स्टिकरकडे या. वाक्य पाटलाचं, चेहरा पाटलाचा. पण तेव्हाचा प्रेक्षक त्या बाईच्या बाजूनं उभा राहून पाटलाकडे बघत होता. आजचा मीम टाकणारा पाटलाच्या शेजारी ओसरीवर बसून बाईकडे बघतो आणि हसतो. आपली बसायची जागा बदलली, मित्रांनो, आणि ती बदलल्याचं आपल्याला कळलंसुद्धा नाही. ते वाक्य नेमकं कुठल्या सिनेमातलं, असं विचारलं तर मीम टाकणाऱ्याला सांगता येत नाही. त्याला सिनेमाशी देणंघेणंच नाही. त्याला वाडा हवा आहे.

कुणी म्हणेल, "अहो, विनोद आहे, एवढं काय मनावर घ्यायचं?" त्यांच्यासाठी तारखा सांगतो. १९७२ : परभणी जिल्ह्यातलं ब्राह्मणगाव. विहिरीच्या पाण्यावरून आपल्या आयाबहिणींची नग्न धिंड. १९७४ : अकोला जिल्ह्यातलं धाकली. पाटलाच्या पोरानं घरातल्या मुलीला नासवलं, त्याचा जाब विचारला म्हणून गवई बंधूंचे डोळे काढले गेले. दलित पँथर याच आगीतून उभी राहिली आणि याच प्रकरणांवर रस्त्यावर लढली. 'वाड्यावर या' या वाक्याचा अर्थ या गावांमध्ये लिहिलेला आहे. ज्या समाजाच्या घरात हे बोलावणं आलं, त्याच समाजाच्या पोरांनी त्याचं स्टिकर करून जयंतीच्या ग्रुपवर टाकावं, याला आम्ही विनोद म्हणत नाही. आपल्या आजीच्या जखमेवर आपणच मारलेली ती टिचकी आहे.

गंमत म्हणजे त्याच निळू फुल्यांच्या कारकिर्दीनं आपल्याला दुसरं एक वाक्य दिलं होतं. ते आपण विसरलो. सत्तरच्या दशकाच्या मध्यावर 'सामना' आला. दिग्दर्शक जब्बार पटेल, लेखक विजय तेंडुलकर. १९७५च्या बर्लिन चित्रपट महोत्सवात हा सिनेमा स्पर्धेत होता. निळूभाऊ त्यात हिंदुराव धोंडे पाटील, साखर कारखान्याचे सर्वेसर्वा. समोर डॉ. श्रीराम लागूंचा दारूत बुडालेला, मोडलेला मास्तर. हिंदुराव मास्तरला आपल्या घरात ठेवून घेतो, खाऊपिऊ घालतो, गोड बोलतो. आणि तो मास्तर पुन्हापुन्हा एकच प्रश्न विचारत राहतो : मारुती कांबळेचं काय झालं?

मारुती कांबळे. कांबळे हे आडनाव ऐकल्यावर आपल्याला वेगळं काही सांगावं लागत नाही. गावातून नाहीसा झालेला एक माणूस. त्याच्याबद्दल बोलायला गाव तयार नाही. आणि हा एक प्रश्न साखरसम्राटाच्या सगळ्या साम्राज्याला पुरून उरतो. निळूभाऊंचा अभिनय इथं बघण्यासारखा आहे. प्रश्न ऐकल्यावर हिंदुराव आधी दुर्लक्ष करतो, मग चिडतो, मग आतून पोखरला जातो. सत्तेला तलवारीपेक्षा आठवणीची भीती जास्त वाटते, हे त्यांनी नुसत्या चेहऱ्यावर दाखवलं.

म्हणजे पन्नास वर्षांपूर्वी मराठी सिनेमानं दोन वाक्यं आपल्यासमोर ठेवली होती. एक वाड्यातून बाहेर आलेलं, दुसरं वाड्याला विचारलेलं. समाजानं पहिलं उचललं आणि दुसरं गाडून टाकलं. हे आपोआप झालं असं ज्याला वाटतं, त्यानं खर्डा आठवावा. २०१४ साली अहमदनगर जिल्ह्यातल्या खर्ड्यात आपल्या एका शाळकरी पोराला मारून झाडाला लटकवलं. साक्षीदार फिरले. २०१७ साली आरोपी निर्दोष सुटले. मग त्या पोराचं काय झालं? त्याला कुणी मारलं? कुणीच नाही? मारुती कांबळेचा प्रश्न जिथल्या तिथं उभा आहे. फक्त तो विचारणारा मास्तर उरलेला नाही.

आता आपल्यातलेच काही अभ्यासू मित्र आक्षेप घेतील. त्यांना बगल देऊन चालणार नाही.

पहिला आक्षेप : निळू फुले समाजवादी होते, सेवा दलाचे होते. आंबेडकरी नव्हते. मग त्यांच्यासाठी आपण का भांडायचं? खरं आहे, ते आंबेडकरी चळवळीचे कार्यकर्ते नव्हते. आम्ही त्यांना निळ्या झेंड्याखाली ओढून आणत नाही. फुले आडनाव आहे म्हणून जोतीरावांचा वारसा आपोआप मिळतो असंही नाही. तो वागण्यातून सिद्ध करावा लागतो. पण अंधश्रद्धेविरुद्धच्या कामात हा माणूस उघडपणे उभा राहिला. प्रसिद्धी असताना, गावोगावी भाविक प्रेक्षक असताना उभा राहिला. आज कुठला नट एवढी जोखीम घेतो? मित्र कोण आणि आपला कोण यातला फरक ओळखावा, पण मित्राला परका करू नये. बाबासाहेबांच्या महाडच्या सत्याग्रहातही जातीच्या भिंती ओलांडून आलेले सहकारी होतेच.

दुसरा आक्षेप जास्त टोकदार आहे आणि तो आम्हाला मान्य आहे. 'सामना'त दोन माणसं समोरासमोर येतात, हिंदुराव आणि मास्तर. मारुती कांबळे हा त्या दोघांमधला विषय आहे. तो मेलेला आहे. त्याचा न्याय मागायलाही दुसराच कुणीतरी लागतो. कांबळेची बायको काय म्हणते, त्याची वस्ती काय म्हणते, तो स्वतः काय म्हणाला असता, याला त्या सिनेमात फारशी जागा नाही. मराठी सिनेमानं आपल्याला बराच काळ प्रेत म्हणून, नाहीतर बळी म्हणूनच जागा दिली. ग्रामीण सिनेमाच्या त्या सगळ्या लाटेत पाटील आहे, सरपंच आहे, तमासगिरीण आहे, गरीब शेतकरी आहे. महारवाडा कुठं आहे? कॅमेरा वेशीच्या आतच फिरत राहिला. हा दोष एका नटाचा नाही. कथा कोण लिहितं, पैसा कोण घालतं, कॅमेऱ्यामागे कोण उभं असतं, याचा हा दोष आहे. ही टीका जरूर करा. पण टीका करायला सिनेमा बघावा लागतो, स्टिकर बघून टीका होत नाही.

आणि ती जागा मिळवायला आपल्याला चाळीस वर्षं लागली. २०१४चा 'कोर्ट' आठवा. त्यातला लोकशाहीर पुन्हा एक कांबळेच आहे, नारायण कांबळे. पण हा कांबळे जिवंत आहे. तो गातो, शिकवतो, अटक होतो, सुटतो, पुन्हा गातो. ती भूमिका केली नागपूरच्या वीरा साथीदार यांनी, 'विद्रोही'चे संपादक, आयुष्यभराचे आंबेडकरी कार्यकर्ते. १३ एप्रिल २०२१ रोजी, जयंतीच्या आदल्या दिवशी, करोनानं ते आपल्यातून गेले. मारुती कांबळेपासून नारायण कांबळेपर्यंतचा हा प्रवास ध्यानात घ्या. आधी आपल्याबद्दल प्रश्न विचारला जात होता, मग आपला माणूस स्वतः पडद्यावर येऊन प्रश्न विचारू लागला. ही साखळी नीट सांगायची तर हिंदुराव धोंडे पाटलाला, म्हणजे निळू फुल्यांच्या त्या भूमिकेला वगळून सांगता येत नाही. शत्रूचा चेहरा एवढा स्वच्छ त्यांच्याआधी कुणी दाखवला नव्हता.

आणखी एक गोष्ट, जी आमच्या मते निळूभाऊंची सगळ्यात मोठी भूमिका होती आणि जिचं स्टिकर निघत नाही. ऐंशीच्या दशकात डॉ. बाबा आढाव, डॉ. श्रीराम लागू, डॉ. नरेंद्र दाभोलकर यांच्यासारख्या मंडळींनी सामाजिक कृतज्ञता निधी उभा केला. कल्पना साधी होती. पूर्णवेळ काम करणारा कार्यकर्ता आयुष्य झोकून देतो, पण त्याच्या घरात तेल-मीठ लागतंच. त्यासाठी समाजानं कृतज्ञतेपोटी एक निधी जमवायचा आणि त्याच्या व्याजातून कार्यकर्त्यांना मानधन द्यायचं. निधी जमवायला अत्र्यांचं 'लग्नाची बेडी' उभं केलं. लागू, निळू फुले, तनुजा, सदाशिव अमरापूरकर यांच्यासारखे नावाजलेले कलावंत गावोगाव त्याचे प्रयोग करत फिरले. ज्या चेहऱ्याला बायका शिव्या देत होत्या, तोच चेहरा तिकीट खपवून कार्यकर्त्याच्या घरची चूल पेटवत होता.

आता नवी मुंबईकडे या. दिघ्यापासून बेलापूरपर्यंत, ठाणे-बेलापूर पट्ट्यातल्या कारखान्यांत, खाणींत, बाजार समितीत आपल्या आईबापांनी घाम गाळला. आज आपल्यातली पोरं आयटी पार्कात आहेत, बँकेत आहेत, महापालिकेत आहेत. ऐरोलीत बाबासाहेबांचं देखणं स्मारक उभं आहे. वाशीला विष्णुदास भावे नाट्यगृह आहे. जयंतीला वर्गणी लाखांत जाते. आणि आपले पूर्णवेळ कार्यकर्ते? अत्याचाराच्या केसमागे तालुका कोर्टात खेटे घालणारे, वस्तीत अभ्यासिका चालवणारे, ऐन दिवाळीत एसटीनं गावोगाव फिरणारे? त्यातले कितीतरी भाड्याच्या खोलीत, बायकोच्या पगारावर, मित्रांच्या उधारीवर दिवस काढतात. आजारी पडले की आपण ग्रुपवर क्यूआर कोड टाकतो. वारले की मोठ्ठा बॅनर लावतो. जिवंतपणी महिन्याला हजार रुपये द्यायला मात्र आपल्याकडे व्यवस्था नाही.

म्हणून आमचं म्हणणं थोडक्यात असं.

एक, ते स्टिकर आपल्या ग्रुपवरून काढा. कुणी टाकलं तर भांडू नका, शिवीगाळ करू नका. त्याखाली फक्त एक ओळ लिहा : मारुती कांबळेचं काय झालं? तो विचारेल, हा कोण? मग सांगा. ब्राह्मणगाव सांगा, धाकली सांगा, खर्डा सांगा.

दोन, येत्या १३ जुलैला निळूभाऊंच्या स्मृतिदिनी आपापल्या विहारात 'सामना' दाखवा. प्रोजेक्टर नसेल तर टीव्हीवर दाखवा. पुढच्या रांगेत वस्तीतल्या आज्यांना बसवा. सिनेमा संपल्यावर भाषण करू नका, त्यांना बोलू द्या. वाडा म्हणजे काय होतं हे त्यांच्या तोंडून ऐका आणि त्यांची हरकत नसेल तर लिहून ठेवा. ही पिढी गेली की ते सांगणारं कुणी उरणार नाही.

तीन, पुढच्या जयंतीच्या वर्गणीतला ठरावीक हिस्सा पूर्णवेळ कार्यकर्त्यांच्या मानधनासाठी बाजूला काढा. बाबासाहेबांनी सांगितलेला विसावा काढा. जमत असेल तर त्या ८० रुपये पगाराच्या माळ्यासारखा आठवा काढा. डीजेचा एक बॉक्स कमी झाला तर मिरवणुकीचं काही बिघडत नाही.

त्या बैठकीनंतर आम्ही आजींकडे गेलो आणि माफी मागितली. त्या म्हणाल्या, "माफी कशाला, तुम्हाला कुणी सांगितलंच नाय तर कळणार कसं?" त्यांचं बरोबर आहे. सांगायचं काम आपलं होतं. ते या जुलैपासून सुरू करू.

जय भीम. जय जोती. जय संविधान.